चार बोटं काठ

माझं तोंड गोल, मान आखूड आणि उंची चार फूट दहा इंच. या तिन्ही गोष्टी मला जन्मापासून ठाऊक आहेत. त्यांनी मिळून मला छळायचं ठरवलं तर काय होतं, हे मात्र टोपी घ्यायची वेळ आली तेव्हा कळलं, म्हणजे वयाच्या एकोणसत्तराव्या वर्षी.

टोपी हवी होती ती अंपायरिंगसाठी. दिंडोशीच्या आमच्या कॉलनीत दर जानेवारीत एका रविवारी बायकांचं क्रिकेट असतं. सहा-सहा ओव्हरच्या मॅचेस, टेनिसचा बॉल, तोही हात न फिरवता खालून टाकायचा. सकाळी नऊला नारळ फुटतो आणि फायनल संपेपर्यंत चार वाजतात. सात वर्षं मी तिथली अंपायर आहे. पांढरा कोट मुलाच्या कॉलेजातल्या लॅबचा. त्याच्या बाह्या तीनदा दुमडल्या की माझे हात सापडतात.

हे काम मला इतकं का आवडतं ते सांगायला हवं, म्हणजे पुढचा आटापिटा वेडेपणाचा वाटणार नाही. किंवा वाटेल, पण कारण तरी कळेल. लहानपणी आमच्या चाळीमागे माझे भाऊ क्रिकेट खेळायचे. गटारात गेलेला बॉल काढायचा, नळाखाली धुवायचा आणि परकराला पुसून परत द्यायचा, हे माझं खातं. एकदा धीर करून मी बॅट मागितली. थोरला म्हणाला, "तू बॉल फार छान धुतेस गं." आणि मी मूर्ख कार्टी खूश झाले. बॅट राहिली बाजूला, मी घरात जाऊन आईला सांगितलं की मी सगळ्यांत छान बॉल धुते. पुढे दोन वर्षं धुतले.

त्यामुळे बासष्टाव्या वर्षी कोणी तयार होईना म्हणून मला अंपायर केलं, आणि मी बोट वर केल्यावर ए विंगमधली चांगली धिप्पाड बाई निमूट बॅट काखोटीला मारून परत गेली, तेव्हा मला काय झालं ते शब्दांत सांगता येणार नाही. घरी आले तरी बोट खाली येईना. वर्षाचे तीनशे चौसष्ट दिवस या घरात माझं कोण ऐकतं? कुकरसुद्धा ऐकत नाही. त्या एका दिवशी ऐकतात.

तर त्या वर्षी दिवाळीनंतर माझ्या नाकाच्या शेंड्यावर एक खरखरीत डाग उठला. खपली धरायची, पडायची, परत धरायची. मी त्यावर साय चोळत होते. सुनेने ते पाहिलं आणि मला उचलून त्वचेच्या डॉक्टरकडे नेलं. डॉक्टरीणबाईंनी डाग काढला, तपासायला पाठवला. वाईट काही निघालं नाही, देवाची कृपा. पण त्यांनी बजावलं की आता या नाकाला ऊन लागता कामा नये. दहा ते चार घरात बसा. बाहेर जायचंच असेल तर क्रीम फासा, आणि सगळीकडून चार बोटं काठ असलेली टोपी घाला. नुसती पुढे चोच असलेली चालणार नाही, कारण ऊन काय पुढूनच येतं असं नाही. मी विचारलं, डोक्यावरून पदर घेतला तर? म्हणाल्या, पदरातून ऊन चहासारखं गाळून येतं.

माझी सून एका कंपनीत मोठ्या हुद्द्यावर आहे आणि आमच्या बी विंगच्या टीमची कॅप्टन आहे. घरी येताना रिक्षात तिने निकाल दिला.

"आई, टोपी नीट असेल तर कोट तुमचा. नाहीतर या वर्षी सी विंगच्या काकांना द्यायचा."

सी विंगचे काका म्हणजे माझे प्रतिस्पर्धी उमेदवार. नोकरीतून निवृत्त झाल्यापासून ते दर वर्षी घडीची खुर्ची घेऊन मैदानाच्या कडेला बसतात आणि माझ्या प्रत्येक निर्णयानंतर मान हलवतात. त्यांच्याकडे स्वतःची शिट्टी आहे. क्रिकेटमध्ये अंपायरला शिट्टी लागत नाही हे त्यांना कोणी सांगितलेलं नाही, आणि मी तर मुळीच सांगणार नव्हते. एकदा कोट त्यांच्या अंगावर चढला की तो परत मिळणं कठीण, हे मला पक्कं माहीत होतं.

म्हणून टोपी.

साडीचा काठ निवडायला मला अर्धा दिवस लागतो. दुकानदार पंचवीस साड्या उलगडतो, मी पहिलीच घेते, पण पंचवीस बघून. टोपीच्या काठाला मात्र मी दहा मिनिटंसुद्धा दिली नाहीत. अंधेरीच्या बाजारात एक बाई टोप्या विकते, एकात एक अडकवलेल्या टोप्यांचे चांगले कमरेएवढे मनोरे तिच्यासमोर असतात. मी नातीला घेऊन गेले. नात तेरा वर्षांची आहे आणि तिच्या मोबाईलमध्ये सगळी शास्त्रं आहेत. तिने वाटेतच मला शिकवलं: चेहरा गोल असेल तर टोपीचा माथा उंच हवा, काठ खांद्याच्या बाहेर जाता कामा नये, आणि बुटक्या माणसाने लोंबता काठ तर बघूसुद्धा नये.

मी बघितला, आणि बघताक्षणी भाळले. मऊ, लोंबता, खांद्याच्या दोन्ही बाजूंनी वीतभर बाहेर जाणारा काठ, आणि वांगी रंगाची रिबीन. टोपीवालीने हाताएवढा आरसा पुढे केला. टोपी डोक्यात बसेना, कारण मागे माझा अंबाडा. अठ्ठेचाळीस वर्षं माझा अंबाडा डोक्याच्या मधोमध असतो, तो मला अवयवासारखा झालाय. टोपीवाली म्हणाली, मावशी, केस सोडून बघा. मी काटे दातात धरले, केस सोडले, टोपी घातली. झकास बसली. आरशात एका वेळी एकच डोळा दिसत होता, पण तो डोळा फार सुंदर दिसत होता.

"आजी, भूछत्र दिसतेस," नात म्हणाली.

"मावशी, हिरॉइन," टोपीवाली म्हणाली.

मी टोपीवालीवर विश्वास ठेवला.

घरी येऊन अंबाडा घातला आणि टोपी चढवली, तर ती उतू चाललेल्या भाताच्या पातेल्यावरच्या झाकणासारखी वर तरंगायला लागली. मागे अंबाड्यावर टेकायची आणि पुढे कपाळावर सरकायची. केस मोकळे सोडून अंपायरिंग करावं, तर अंगात आलेली बाई वाटेन. ह्यांनी वर्तमानपत्र खाली घेऊन पाहिलं आणि परत वर धरलं. वर्तमानपत्र हलत होतं.

तरी मी हट्टाने तीच घातली. स्पर्धेच्या आधीच्या रविवारी सरावाची मॅच असते, बी विंग विरुद्ध डी विंग. टोपी सहा काट्यांनी अंबाड्याला टाचून मी उभी राहिले. पहिल्या दोन ओव्हर बऱ्या गेल्या. मग वारा सुटला. डी विंगच्या एका मुलीने बॉल उंच मारला, मी वर पाहिलं आणि दोन गोष्टी एकदम झाल्या. मागचा काठ कोटाच्या कॉलरवर आपटून टोपी पुढे ढकलली गेली, आणि पुढचा काठ वाऱ्याने खाली येऊन माझ्या डोळ्यांवर बसला. पुढे काय झालं ते मला माहीत नाही. अंधार होता. ओरडा ऐकू आला. काठ वर करून बघते तर बॉल आमच्या विंगमधल्या एका बाईच्या हातात, आणि अर्धी मंडळी म्हणतायत कॅच, अर्धी म्हणतायत टप्पा.

मग मी अंपायरने आयुष्यात करू नये ती गोष्ट केली. मी विचारलं, पकडला का गं?

बी विंगने छातीवर हात ठेवून सांगितलं की पकडला. डी विंगने मुलाबाळांची शपथ घेतली. सी विंगचे काका खुर्चीतून सावकाश उठले, घडी घालून खुर्ची बाजूला ठेवली आणि म्हणाले, "वहिनी, बॉल आकाशात होता. तुम्ही टोपीत होतात."

सगळं मैदान हसलं. मीही हसले, पण माझं हसू ओठांवरच राहिलं. कॉलनीच्या सेक्रेटरीबाईंनी मला बाजूला घेऊन गोड शब्दांत विचारलं की यंदा आराम करता का. म्हणजे निकाल लागल्यातच जमा होता. मी त्यांच्याकडून शनिवारपर्यंतची मुदत मागून घेतली. सुनेने घरी आल्यावर माझं नाक उजेडात धरून पाहिलं. एका बाजूला लाल झालं होतं. तिने माझ्या अंगावरचा कोट काढून घेतला आणि कपाटात ठेवला.

संध्याकाळी मी गॅलरीत तोंड पाडून बसले होते, तर हे जुना अल्बम घेऊन आले. एक पान उघडून माझ्या मांडीवर ठेवलं. लग्नानंतर पहिल्या वर्षातला फोटो, वर्सोव्याहून मढला जाणाऱ्या होडीतला. त्यातली मुलगी मी आहे असं म्हणतात. डोक्याच्या पार मागे, आरतीच्या ताटासारखी उभी, एक छोटी गवती टोपी. दोन बोटं काठ. समोरून बघितलं तर देवाच्या मागची प्रभावळ.

ती टोपी मी ह्यांच्याकडून हट्टाने घेतली होती, मढच्या सहलीसाठी. सासूबाईंनी छत्री देऊ केली, तर मी नाक मुरडलं. छत्री म्हाताऱ्या नेतात. टोपी पुढे घेतली तर कपाळावर सावली पडून फोटोत चेहरा काळा येतो, असं मला कोणीतरी सांगितलं होतं, म्हणून मी ती मागे लावली आणि संपूर्ण दिवस तोंड सूर्याकडे करून हिंडले. होडीत माझ्यासमोर सुकटाची टोपली घेऊन एक कोळीण बसली होती. ती माझ्याकडे बराच वेळ बघत होती. शेवटी ह्यांना म्हणाली, "दादा, ऊन पुढून येतंय आणि बाईनं टोपी मागं लावलीय." मला इतका राग आला की मी खाडीकडे तोंड फिरवलं. तिकडे पाण्यावरून दुप्पट ऊन येत होतं. दुसऱ्या दिवशी माझं तोंड भरीत करायला भाजलेल्या वांग्यासारखं झालं. सासूबाई ताकात बुडवलेला कपडा माझ्या गालांवर ठेवत होत्या आणि मी त्यांना विचारत होते, फोटो कधी येतील हो धुऊन?

"तेव्हाही तू टोपी घातली नव्हतीस," हे म्हणाले. "फोटोला घातली होतीस."

चाळीस-पंचेचाळीस वर्षं संसार केलेला माणूस असं एकच वाक्य बोलतो आणि चहा टाकायला जातो.

पण त्या वाक्याने माझं डोकं ठिकाणावर आलं. मी आत्तापर्यंत आरशाला विचारत होते. विचारायला हवं होतं उन्हाला.

बुधवारी मी नातीला शाळेतून आल्या आल्या परत अंधेरीला नेलं. तिची शाळा सकाळची असते, त्यामुळे आम्ही बाजारात पोचलो तेव्हा ऊन चांगलं टणक होतं. मला तेच हवं होतं. अंबाडा घट्ट घातलेला. पिशवीत पांढरा कोट. टोपीवालीने मला ओळखलं आणि हिरॉइन परत आली म्हणून स्वागत केलं. मी तिला सांगितलं की आरसा आत ठेव. मग रस्त्याच्या कडेला उन्हात उभं राहून मी कोट चढवला. दोन भाजीवाल्या बघायला आल्या.

आधी बोटांचा प्रश्न निघाला. चार बोटं म्हणजे कोणाची? माझी चार बोटं म्हणजे नातीची तीन. मला स्वतःची बोटं सोयीची होती, पण नातीने आईला फोन लावला आणि सुनेने ऑफिसातून हुकूम दिला की माप तिच्या स्वतःच्या बोटांचं धरायचं. सून तर तिथे नव्हती, म्हणून एका भाजीवालीने स्वतःचा हात आडवा लावून दाखवला, तो सगळ्यांना मान्य झाला.

मग एकेक टोपी. मी डोक्यावर ठेवायची आणि नातीने माझ्या तोंडाकडे बघून सांगायचं, सावली कुठपर्यंत येते. नाकाच्या शेंड्यापर्यंत, नापास. वरच्या ओठापर्यंत, काठावर पास. हनुवटीच्या खाली गेली तरच पुढची परीक्षा. पुढची परीक्षा अशी की मी मान मागे टाकून आकाशात बघायचं, जणू बॉल चढलाय. मागचा काठ कॉलरला लागला की नापास. माझ्या आखूड मानेने एकामागून एक सात टोप्या तिथेच बाद केल्या. पाच बोटांच्या काठाच्या तर सगळ्याच गेल्या. तिसरी परीक्षा वाऱ्याची. वारा नव्हता, म्हणून टोपीवालीने पुठ्ठा घेऊन मला दोन्ही बाजूंनी वारा घातला. मऊ काठ झोपले. शेवटी मी सिक्स, वाइड आणि आउट असे तिन्ही हात करून दाखवायचे आणि टोपी जागची हलता कामा नये. एव्हाना भाजीवाल्यांनी आपापसात पैज लावली होती.

पास झाली ती सगळ्यांत कुरूप टोपी. भिजवलेल्या चणाडाळीचा रंग, रिबीन नाही, फूल नाही. पण काठ बरोबर चार बोटं, कडक, आणि सगळीकडून किंचित खाली उतरलेला, कौलारू घराच्या वळचणीसारखा. हनुवटीखाली बांधायला नाडी. तीच टोपी घालून मी टोपीवालीकडे वळले, तर ती पहिल्यांदाच खरं बोलली. "मावशी, ही तुम्हाला शोभत नाही. पण ही तुमची आहे."

मग मी आरसा मागितला. वळचणीच्या सावलीत एक गोल, खट्याळ तोंड होतं आणि त्याचे दोन्ही डोळे दिसत होते. मला तर ते शोभल्यासारखंच वाटलं.

राहिला अंबाडा. नात म्हणाली वेणी घाल. मी म्हटलं, या वयात वेणी घालून शाळेत जाऊ का तुझ्याबरोबर? टोपीला माझ्याप्रमाणे व्हायला लावू. घरी आल्यावर मी टोपीच्या माथ्यावर, अंबाडा येतो तिथे, खडूने गोल आखला आणि कात्रीने सरळ भोक पाडलं. ह्यांनी डोळे मिटून घेतले. मग त्या भोकाभोवती मी जाड दोऱ्याने काज केलं, ब्लाउजच्या काजासारखं, टाक्याला टाका लावून. त्याला अडीच तास लागले. शनिवारी टोपी घातली तेव्हा अंबाडा भोकातून अलगद वर आला, झाकणाच्या मुठीसारखा. भोक अंबाड्याने बुजलं, टोपी खाली कानांपर्यंत बसली. सुनेने मला खिडकीत उभं केलं, चारी बाजूंनी बघितलं, स्वतःची चार बोटं काठावर चारदा ठेवली, सेक्रेटरीबाईंना फोन करून कळवलं आणि कपाटातून कोट काढून दिला. इस्त्री केलेला होता. म्हणजे तिने ती आधीच करून ठेवली होती.

रविवारी मैदानात उतरले तेव्हा अंबाड्यावरून बरंच बोलून झालं. डी विंगवाल्या म्हणाल्या, आजी, मूठ धरून झाकण उघडू का? सी विंगच्या काकांनी खुर्ची उघडली आणि शिट्टी गळ्यात घातली, वेळप्रसंगी असावी म्हणून. मी दिवसभर उभी राहिले. दर दोन तासांनी नात क्रीम घेऊन यायची आणि ओव्हर थांबवून माझं नाक माखायची.

फायनल बी विंग आणि ए विंगची होती. साडेतीन वाजले असतील, ऊन मैदानावर तिरपं आलं होतं. शेवटची ओव्हर, शेवटचा बॉल, आमच्या विंगला पाच रन हवे आणि बॅटिंगला माझी सून. तिने बॉल असा मारला की तो थेट सूर्यात गेला. सगळ्या मैदानाने डोळ्यांवर हात घेतले. फील्डर बायकांनी घेतले, काकांनी घेतले, सुनेनेही घेतला. मी मान मागे टाकली. काठ कॉलरला लागला नाही, पुढून हलला नाही. सूर्य बरोबर काठाच्या वर राहिला आणि काठाखालून मला तो पिवळा बॉल वर जाताना, थांबताना आणि खाली येताना सबंध दिसला. ए विंगची ती धिप्पाड बाई मागे मागे पळत गेली आणि चुन्याच्या रेषेच्या आत, टाचेपासून दोन बोटं जागा ठेवून, तिने तो पोटाशी धरला.

सगळे माझ्याकडे बघायला लागले. काकांनी शिट्टी तोंडात धरली होती, पण काय वाजवायचं ते त्यांना कळत नव्हतं, कारण त्यांना काहीच दिसलं नव्हतं. सून बॅट टेकून उभी होती. तिने मान जराशी हलवली, नको अशी.

मी बोट वर केलं.

ए विंगने त्या बाईला उचलायचा प्रयत्न केला आणि सोडून दिला. आमची विंग हरली. सेक्रेटरीबाईंनी बक्षिसं वाटताना पुढच्या वर्षीसाठी माझं नाव लिहून घेतलं, मला न विचारता. काकांनी खुर्ची मिटताना टोपी कुठून घेतली ते विचारलं आणि मी त्यांना रिबिनवाली दाखवायला घरी बोलावलं आहे. त्यांना अंबाडा नाही, बसेल.

घरी आल्यावर सुनेने बूटसुद्धा काढले नाहीत. मला दिव्याखाली बसवलं, हनुवटी धरून नाक डावीकडून पाहिलं, उजवीकडून पाहिलं, मोबाईलचा टॉर्च लावून शेंडा पाहिला. तिच्या गालांवर उन्हाचे दोन लाल चट्टे उठले होते. माझं नाक तूप लावल्यासारखं नितळ होतं.

"नाक ठीक आहे," ती म्हणाली. मग टॉर्च बंद न करता म्हणाली, "तिचा पाय रेषेवर होता, आई."

अंपायरशी निर्णयावर बोलायची पद्धत नाही, असं मी तिला सांगितलं, आणि स्वयंपाकघरातून ताकात बुडवलेला कपडा आणून तिच्या गालावर ठेवला.